कलम 138: एक चेक आणि दोन तडजोडी

चेक न वटल्याच्या गुन्ह्याच्या (निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स कायदा, कलम 138) या प्रकरणात तडजोड दोनदा झाली. पहिलीचा मसुदा माझा होता आणि ती दोन महिन्यांत मोडली. दुसरी टिकली, खटला मिटला. दोन्हींतल्या रकमेत फक्त 24 हजारांचा फरक होता, पण कागदावरच्या मजकुरात बराच होता. म्हणून हे सविस्तर लिहितोय. पक्षकारांची ओळख पटू नये म्हणून गाव आणि धंद्याचे तपशील बदलले आहेत.

मी फिर्यादीचा वकील. फिर्यादी म्हणजे पश्चिम महाराष्ट्रातल्या एका तालुक्याच्या गावचे पाइप-फिटिंगचे व्यापारी. आरोपी हा पाणीपुरवठ्याची छोटी कामं घेणारा कंत्राटदार, फर्म एकट्याच्या मालकीची. दोघांचा सात-आठ वर्षांचा उधारीचा व्यवहार. माल साइटवर जायचा, बिलं निघाली की पैसे यायचे. 2023च्या उन्हाळ्यात बिलं अडकली आणि थकबाकी वाढली. जूनमध्ये कंत्राटदाराने पुढच्या तारखेचा चेक दिला. तारीख 10 जुलै 2023, रक्कम 6,40,000. तो 14 जुलैला परत आला, बँकेच्या मेमोवर 'फंड्स इन्सफिशियंट', म्हणजे खात्यात पुरेसे पैसे नाहीत.

पुढचा रस्ता ठरलेला. बँकेकडून कळल्यापासून 30 दिवसांत नोटीस, नोटीस पोचल्यापासून 15 दिवसांची मुदत, त्यानंतर एक महिन्याच्या आत फिर्याद. नोटीस 1 ऑगस्टला रजिस्टर पोस्टाने गेली, 4 तारखेला पोचली. पैसे आले नाहीत, 11 सप्टेंबरला फिर्याद दाखल. समन्स दोनदा 'घर बंद' असा शेरा घेऊन परतलं, मग जामीनपात्र वॉरंट निघालं आणि 2024च्या फेब्रुवारीत आरोपी हजर झाला. जामीन दिला, मार्चमध्ये गुन्हा नाकबूल केला. चेक बाउन्सच्या कामात इथवर सहा महिने लागले तर कुणी कपाळाला आठी घालत नाही.

फिर्यादीचा तेव्हाचा मूड वेगळाच होता. 'साहेब, त्याला आत टाका.' कलम 138 मध्ये दोन वर्षांपर्यंत कैद, चेकच्या दुपटीपर्यंत दंड किंवा दोन्ही, हे त्यांनी कुठेतरी वाचलं होतं. दुप्पट म्हणजे 12,80,000, हा आकडा तर पाठच होता. मी दरवेळी एवढंच म्हणायचो, 'शेठ, तो आत गेला तर तुमचे पैसे कोण कमावणार?' ते हसायचे आणि पुढच्या तारखेला पुन्हा तेच.

कलम 143अ खाली आम्ही अंतरिम भरपाई मागितली. तिची कमाल मर्यादा चेकच्या 20 टक्के, म्हणजे इथे 1,28,000. पण मार्च 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं की ही भरपाई आपोआप मिळणारी गोष्ट नाही. प्रथमदर्शनी प्रकरण कसं आहे, आरोपीची आर्थिक स्थिती काय, हे पाहून कोर्टाने ठरवायचं. आमच्या कोर्टाने जूनमध्ये 10 टक्के दिले, 64,000. ते ऑगस्टमध्ये जमा झाले. आरोपी निर्दोष सुटला तर हे पैसे बँकदराच्या व्याजासह परत करावे लागतात, हे मी शेठना सांगितलं होतं. त्यांनी मान डोलावली आणि विसरून गेले.

नोव्हेंबर 2024 मध्ये समोरच्या वकीलसाहेबांनीच विषय काढला. कॅन्टीनमध्ये, चहाचे ग्लास आणि दोन फायली यांच्यामध्ये. त्यांचं गणित सरळ होतं. सर्वोच्च न्यायालयाच्या 2010च्या दामोदर प्रभू निकालानुसार पहिल्या-दुसऱ्या तारखेला तडजोड केली तर आरोपीला खर्च भरावा लागत नाही. त्यानंतर दंडाधिकाऱ्यांपुढे केली तर चेकच्या 10 टक्के, सत्र किंवा उच्च न्यायालयात 15 टक्के, सर्वोच्च न्यायालयात 20 टक्के. हे पैसे फिर्यादीला मिळत नाहीत, विधी सेवा प्राधिकरणाकडे जातात. लोकअदालतीत गेलं तरी ते टळतातच असं नाही. 2014 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तिथेही हा नियम साधारणपणे लागू ठेवला, फक्त कारणं नोंदवून खर्च कमी करण्याची मोकळीक दिली.

आमच्या चेकचे 10 टक्के म्हणजे पुन्हा 64,000. वकीलसाहेब म्हणाले, 'माझ्या पक्षकाराच्या खिशातून एकूण 6,40,000च जातील. त्यातले चौसष्ट प्राधिकरणाला गेले तर तुमच्या शेठना 5,76,000.' मी भांडलो, पण फार नाही. व्याज तर मिळणारच नव्हतं, आणि दोन वर्षांनी निकाल, मग अपील हा रस्ता शेठच्या वयाला परवडणारा नव्हता. अंतरिम भरपाईचे 64,000 वजा करून उरले 5,12,000. 1,28,000चे चार हप्ते, चार पुढच्या तारखांचे चेक, डिसेंबरपासून.

त्या संध्याकाळी मी जी पुरसीस, म्हणजे कोर्टात द्यायचं लेखी निवेदन, लिहिली ती आज वाचली की मान खाली जाते. 'उभयपक्षी आपसात तडजोड झाली असून आरोपीने फिर्यादीस रु. 5,12,000 चार समान मासिक हप्त्यांत देण्याचे कबूल केले आहे. सबब पुढील तारीख मिळावी.' झालं, एवढंच. हप्ता चुकला तर काय, याबद्दल अक्षर नाही. मूळ फिर्यादीचं काय होणार, याबद्दलही नाही. दोघांच्या सह्या, दोन्ही वकिलांच्या सह्या, आणि मी मोटारसायकलला किक मारून घरी.

डिसेंबरचा चेक वटला. जानेवारीचा परत आला, कारण तेच.

शेठ फाइल घेऊन आले. 'आता ह्या नवीन चेकची पण केस टाका, म्हणजे दोन केसेस.' हा मोह बहुतेक फिर्यादींना होतो. पण सर्वोच्च न्यायालयाने 8 ऑक्टोबर 2021च्या गिंपेक्स निकालात ही वाट बंद केली आहे. एकदा तडजोड केली की मूळ चेकची फिर्याद आणि तडजोडीतल्या चेकची फिर्याद अशा दोन्ही एकाच देण्यापोटी समांतर चालवता येत नाहीत. तडजोडीतला चेक बाउन्स झाला तर नव्या फिर्यादीला स्वतंत्र कारण निर्माण होतं, हे खरं. पण मग जुन्या फिर्यादीचा जोर जातो. समोरच्या वकीलसाहेबांनी नेमका तोच मुद्दा पुढच्या तारखेला मांडला: तडजोडीने मूळ देणं विरून गेलं, फिर्याद निकाली काढा. माझ्या पुरसीसमध्ये 'हप्ता चुकल्यास मूळ फिर्याद आहे त्या टप्प्यापासून पुढे चालेल' हे एक वाक्य असतं तर त्यांना तोंडच उघडता आलं नसतं.

पुरसीस कोर्टाने फक्त दाखल करून घेतली होती. तडजोडीचा अंतिम आदेश झालेला नव्हता आणि गुन्हा आपसात मिटल्याची नोंदही रोजनाम्यात, म्हणजे कोर्टाच्या रोजच्या कामकाजाच्या नोंदीत, नव्हती. त्या धाग्यावर आम्ही वाचलो. जानेवारीच्या चेकची नोटीस मुद्दाम दिली नाही, जुनीच फिर्याद धरून ठेवली. काम पुराव्याला लागलं.

2025च्या जुलैत शेठचा उलटतपास झाला, आणि या प्रकरणातला सगळ्यात महत्त्वाचा अर्धा तास मी खुर्चीत बसून काढला. वकीलसाहेबांनी आम्हीच दाखल केलेला खातेउतारा शेठपुढे धरला. निळ्या शाईच्या ओळी, आणि मध्येच एका ओळीत काळी शाई, वेगळं अक्षर. 6 जुलै 2023, नगद जमा, 50,000.

'हे अक्षर कुणाचं?'

'मुलाचं.'

'म्हणजे चेकवरच्या तारखेच्या चार दिवस आधी तुम्हाला पन्नास हजार मिळाले?'

शेठ थांबले. मग म्हणाले, 'ते दुसऱ्या साइटचे होते.' पण खातं एकच होतं. दुसऱ्या साइटचं वेगळं पान दुकानात कधी उघडलंच नव्हतं.

हा उतारा फिर्यादीबरोबर जोडताना मी त्यावरून नजर फिरवली होती. बेरीज पाहिली होती, ओळी वाचल्या नव्हत्या. 2022च्या दशरथभाई पटेल निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलंय की चेक दिल्यानंतर आणि तो वटवण्याआधी काही रक्कम मिळाली असेल, तर ती चेकवर नोंदवून उरलेल्या रकमेसाठीच तो बँकेत लावायला हवा. तसं न करता पूर्ण रकमेचा लावला आणि तो परत आला, तर त्या दिवशी तेवढं कायदेशीर देणंच नव्हतं म्हणून कलम 138 लागत नाही. म्हणजे पन्नास हजारांच्या एका ओळीने 6,40,000ची फिर्याद पडू शकत होती, आणि वर मिळालेली अंतरिम भरपाई व्याजासह परत.

समोरची बाजूही निर्धास्त नव्हती. चेकवरची सही मान्य होती, त्यामुळे चेक देण्यापोटीच दिला असं कोर्टाने धरून चालायचं, हे कलम 139चं गृहीतक आमच्या बाजूला होतं. शिवाय माझ्या त्या भिकार पुरसीसने एक उपकार केला होता. तिच्यावर आरोपीची सही होती आणि तीत त्याने 5,12,000 'देण्याचे कबूल' केलं होतं, पन्नास हजारांचा उल्लेख न करता. पन्नास हजार चेकपोटी दिले असते तर तेव्हा का बोलला नाही, हा प्रश्न त्याला उलटतपासात सोसावा लागला असता. दोन्ही वकिलांना हे कळत होतं. मांडवात पहिल्यांदा बोलायचं कुणी, एवढंच उरलं होतं.

बोलायला निमित्त दिलं ते दिल्लीने. 25 सप्टेंबर 2025 रोजी संजाबिज तारी विरुद्ध किशोर बोरकर या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2010चं खर्चाचं कोष्टक बदललं. आता आरोपीने बचावाचा पुरावा नोंदवण्याआधी चेकची रक्कम दिली तर खर्च न लावता गुन्हा आपसात मिटवता येतो. बचावाच्या पुराव्यानंतर पण निकालाआधी दिली तर 5 टक्के, सत्र किंवा उच्च न्यायालयात साडेसात, सर्वोच्च न्यायालयात 10 टक्के. आमचं काम नेमकं फिर्यादीच्या पुराव्याच्या शेवटी उभं होतं. कलम 313चा जबाब, म्हणजे पुराव्याबद्दल कोर्टाने आरोपीला विचारायचे प्रश्न, व्हायचा होता, बचावाचा पुरावा त्याच्याही पुढे. प्राधिकरणाकडे जाणारे चौसष्ट हजार एका निकालाने पुन्हा टेबलावर आले.

ऑक्टोबरमध्ये, दिवाळीच्या आदल्या आठवड्यात, आम्ही चौघं माझ्या ऑफिसात बसलो. शेठ म्हणाले, चेकची पूर्ण रक्कम, 6,40,000. कंत्राटदार म्हणाला, 'शेठ, पन्नास हजार तुमच्या पोराच्या हातात दिलेत. पाच नव्वद.' अर्धा तास हेच. शेवटी मी कागदावर मागची आणि आताची तडजोड शेजारी शेजारी लिहिली. मागच्या वेळी कंत्राटदाराच्या खिशातून एकूण 6,40,000 जायचे होते, शेठच्या हातात 5,76,000 यायचे होते. आता सहा लाखांवर मिटवलं तर कंत्राटदाराचे चाळीस हजार वाचतात आणि शेठना चोवीस हजार जास्त मिळतात. चाळीस आणि चोवीस मिळून चौसष्ट. दोघांनी त्या कागदाकडे बघितलं. शेठनी चष्मा काढून पुन्हा लावला. 'सहा. पण रोख हातात नको, खात्यावर.' मिळालेले 64,000 आणि 1,28,000 वजा जाता उरले 4,08,000.

रक्कम ठरली तेव्हा साडेअकरा वाजले होते. पुरसीसवर सह्या झाल्या तेव्हा संध्याकाळचे सहा. बाकीचा सगळा वेळ 'हप्ता चुकला तर' या एका वाक्याने खाल्ला.

अखेर ठरलं ते असं. 3 नोव्हेंबरला 2,08,000, 24 नोव्हेंबरला 1,00,000 आणि डिसेंबरच्या राष्ट्रीय लोकअदालतीच्या दिवशी शेवटचे 1,00,000. पुढच्या तारखांचे चेक अजिबात नाहीत. पैसे बँकेतून थेट शेठच्या खात्यावर किंवा डिमांड ड्राफ्टने. एखादा हप्ता सात दिवसांहून जास्त लांबला तर तडजोड आपोआप रद्द, आलेले पैसे देण्यापोटी जमा धरले जातील, आणि मूळ फिर्याद आहे त्याच टप्प्यापासून चालेल. 'तडजोडीमुळे मूळ फिर्याद संपुष्टात आली असा बचाव आरोपी घेणार नाही' हे वाक्य मी स्वतंत्र परिच्छेदात, आरोपीच्या सहीच्या बरोबर वर ठेवलं. वकीलसाहेबांनी त्यांच्या बाजूने एक ओळ घातली: हप्ते पूर्ण झाल्यावर फिर्यादी तडजोडीस संमती देईल, आणि त्यासाठी आणखी काही मागणार नाही.

ती ओळ त्यांना का हवी होती, ते सांगायला हवं. कलम 147 मुळे हा गुन्हा आपसात मिटवता येतो, पण फिर्यादीची संमती लागतेच. 2017 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एकदा म्हटलं होतं की पैसे मिळाले असतील तर संमतीशिवायही दंडाधिकारी काम बंद करू शकतात. ते मत 2021 मध्ये पाच न्यायमूर्तींच्या पीठापुढे टिकलं नाही. म्हणजे आरोपीने सगळे पैसे भरले आणि फिर्यादी ऐनवेळी रुसून बसला, तर आरोपीची पंचाईत. मी फिर्यादीचा वकील असलो तरी ही भीती वाजवी आहे असं मला वाटतं. सगळे हप्ते घेऊन सहीला नकार देणारे महाभाग मी पाहिलेत.

सहीच्या वेळी कंत्राटदार अडला. 'माझे दोन कोरे चेक द्या आधी.' शेठ म्हणाले, कुठले कोरे चेक, माझ्याकडे नाहीत. आवाज चढले. मी मुलाला फोन लावायला सांगितला. वीस मिनिटांनी मुलगा स्कूटरवर आला, हातात पिवळं पडलेलं डिलिव्हरी चलन आणि त्याला स्टेपल केलेले दोन चेक. सही केलेले, तारीख नाही, रक्कम नाही. दुकानाच्या ड्रॉवरमध्ये खालच्या थप्पीत होते. शेठना खरंच आठवत नव्हते, असं मी समजतो. चेकचे नंबर पुरसीसमध्ये लिहिले, शेवटचा हप्ता येईपर्यंत ते वकीलसाहेबांच्या ताब्यात राहतील असं ठरलं. ही यादी करायची राहते आणि दोन वर्षांनी त्याच ड्रॉवरमधून नवा खटला निघतो.

लोकअदालतीचा निवाडा ऑक्टोबरमध्येच का घेतला नाही, असं एका ज्युनियरने विचारलं. लोकअदालतीचा निवाडा दिवाणी हुकूमनाम्यासारखा असतो. कलम 138च्या कामातला निवाडाही तसाच अंमलात आणता येतो, हे 2011 पासून स्पष्ट आहे. त्यावर अपील नाही. ऐकायला भक्कम वाटतं. पण हप्ते बाकी असताना निवाडा घेतला की फौजदारी काम संपतं, आरोपीच्या डोक्यावरची तारीख जाते आणि तुमच्या हातात राहते दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज. समोरच्याच्या नावावर जमीन, घर, पगार असेल तर दरखास्तीला अर्थ. आमच्या कंत्राटदाराचं घर वडिलांच्या नावावर, पिकअप कर्जावर. तिथे हुकूमनामा म्हणजे फ्रेम करून लावायचा कागद. म्हणून काम नियमित कोर्टात ठेवलं आणि लोकअदालतीकडे फक्त शेवटच्या दिवसासाठी नेलं.

पहिले दोन हप्ते वेळेवर आले. तिसऱ्याची मजा अशी की लोकअदालत दुसऱ्या शनिवारी, बँका बंद, आणि कंत्राटदाराचं खातं अशा सहकारी बँकेत की पैसे पाठवायचे तर शाखेत जाऊन स्लिप भरावी लागते. वकीलसाहेबांनी त्याला शुक्रवारीच ड्राफ्ट काढायला लावला. शनिवारी सकाळी कोर्टाच्या आवारात मंडप, खुर्च्या, बँकांची टेबलं, थकबाकीदारांची रांग. आमचा नंबर दीड वाजता लागला. पॅनेलपुढे ड्राफ्ट दिला, शेठनी तो उजेडात धरून दोनदा वाचला. पॅनेलने विचारलं, 'तडजोड स्वखुशीने?' दोघं एकदम 'हो' म्हणाले. निवाड्यावर सह्या झाल्या, आरोपी गुन्ह्यातून मुक्त, खर्च शून्य, शेठना कोर्ट फी परताव्याचा दाखला.

बाहेर मंडपाच्या कडेला वकीलसाहेबांनी पाकीट उघडून दोन कोरे चेक कंत्राटदाराला दिले. त्याने नंबर पुरसीसच्या झेरॉक्सशी पडताळले, प्रत्येक चेकचे सहीवरून आडवे दोन तुकडे केले, मग त्यांचे चार. खाली टाकले नाहीत. शर्टाच्या खिशात ठेवून खिशाचं बटण लावलं.

'आणि मोठा?' त्याने मला विचारलं. मूळ चेक अजून निशाणी, म्हणजे पुराव्याचा क्रमांक, पडून कोर्टाच्या रेकॉर्डवर होता. म्हटलं, तो परत हवा असेल तर वेगळा अर्ज करावा लागेल. तो वकीलसाहेबांकडे वळून म्हणाला, 'करा अर्ज.'